वसुलीला स्थगिती: पंच्याहत्तर टक्क्यांच्या अटीची पार्श्वभूमी

दारावर डकवलेल्या ताबा नोटिशीत एक रक्कम असते आणि तिच्यापुढे 'अधिक पुढील व्याज व खर्च' असे शब्द. ही रक्कम बँकेने स्वतःच काढलेली असते. जामीनदार म्हणतो, भरलेले हप्ते धरलेले नाहीत, दंडव्याज जादा लावले आहे. हा वाद मिटेपर्यंत जप्ती थांबवायची का, आणि थांबवायची तर आधी किती पैसे भरून घ्यायचे, यावर गेली वीसेक वर्षे झगडा चालू आहे.

पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात १८७५ मध्ये शेतकऱ्यांनी सावकारांविरुद्ध केलेल्या दंग्यानंतर, १८७९ च्या कायद्याने दख्खनमधल्या न्यायालयांना सावकाराच्या कर्जखतामागे जाऊन व्यवहाराच्या सुरुवातीपासून हिशेब तपासायला लावले होते. आधी हिशेब, मग वसुली. बँकांना न्यायालयात न जाता तारण मालमत्तेचा ताबा घेऊ देणाऱ्या २००२ च्या सरफेसी कायद्याने हा क्रम उलटा केला. साठ दिवसांची नोटीस, मग थेट ताबा. दिवाणी न्यायालयाचे दार बंद. कर्जवसुली न्यायाधिकरणात दाद मागायची, तर बँकेने मागितलेल्या रकमेच्या ७५ टक्के आधी भरायचे. न्यायाधिकरण ही रक्कम कमी करू शकत असे, पण ते त्याच्या मर्जीवर होते.

एप्रिल २००४ मध्ये एका रसायन कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही अट रद्द केली. बाकीचा कायदा कायम ठेवला. सगळे अडले होते ते कायद्याने या दाद मागण्याला दिलेल्या 'अपील' या नावावर. अपील म्हणजे खाली कोणीतरी निवाडा दिलेला असणे. इथे निवाडा झालेलाच नव्हता. देणे किती हे कोणी त्रयस्थाने ठरवलेले नव्हते. न्यायालयाने म्हटले, हे नावापुरते अपील, प्रत्यक्षात दाव्यासारखी पहिलीच सुनावणी. ज्याची मालमत्ता हातातून गेली, त्याने तीन चतुर्थांश रक्कम आणायची कुठून? त्याच वर्षीच्या दुरुस्तीत 'अर्ज' हा शब्द आला, तरी कलमाच्या मथळ्यात 'अपील' २०१६ पर्यंत तसेच राहिले. कर्जदाराच्या हरकतीला बँकेने लेखी उत्तर द्यायचे, हेही याच निकालाचे फळ. हा निकाल मला या साऱ्या इतिहासातला सर्वांत न्याय्य टप्पा वाटतो.

पण अट पुरती गेली नाही. कर्जवसुली न्यायाधिकरणाच्या निकालाविरुद्ध वरच्या अपिलीय न्यायाधिकरणात जायचे, तर कर्जदाराला आजही ५० टक्के भरावे लागतात. सवलत मिळाली तरी २५ च्या खाली नाही. खालच्या न्यायाधिकरणात रक्कम ठरलेली नसेल, तर हिशेबाला बँकेचाच आकडा धरला जातो. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा प्रकरणांत सहज स्थगिती देऊ नका, असे उच्च न्यायालयांना बजावले आणि थेट उच्च न्यायालयात दाद मागण्याची, म्हणजे रिट याचिकेची, वाट अरुंद झाली.

महाराष्ट्रात सहकारी पतसंस्थांच्या कर्जदारांची गोष्ट वेगळी. तिथे महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला निघतो आणि त्याविरुद्धचा पुनरीक्षण (फेरतपासणीचा) अर्ज ५० टक्के भरल्याशिवाय दाखलच करून घेतला जात नाही. सहकारी बँकांना तर हा दाखला आणि सरफेसी, दोन्ही मार्ग खुले आहेत. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने त्यावर शिक्कामोर्तब केले.