व्हिएतनाम युद्धातील सैनिकांच्या जन्मजात अपंग मुलांसाठीचे अमेरिकी सरकारी लाभ

व्हिएतनाम युद्धात तणनाशकांच्या फवाऱ्याखाली सापडलेल्या सैनिकांच्या काही जन्मजात अपंग मुलांना अमेरिकेचे वेटरन्स अफेअर्स खाते (बोलण्यात ‘व्हीए’) दरमहा भत्ता, औषधोपचार आणि व्यवसाय प्रशिक्षण देते. ही सोय १९९६ च्या कायद्याने झाली. लढताना जखमी झालेल्या सैनिकाला पेन्शन आणि तो गेल्यास मागे राहिलेल्या कुटुंबाला आधार, ही रीत जुनीच होती. पण आईबापांच्या नोकरीची झळ पुढे जन्मलेल्या लेकराला लागली, म्हणून त्या लेकराच्या अपंगत्वाची जबाबदारी सरकारने घेणे, हे अमेरिकेत तोवर कधी घडले नव्हते.

शत्रूला दडायला झाडोरा मिळू नये आणि त्याचे पीक बुडावे, म्हणून १९६२ ते १९७१ या काळात अमेरिकी हवाई दलाने दक्षिण व्हिएतनामच्या जंगलांवर, शेतांवर विमानांतून तणनाशके फवारली. एकूण प्रमाण ७ कोटी लिटरच्या वर जाते. त्यातले सर्वाधिक वापरलेले मिश्रण म्हणजे ‘एजंट ऑरेंज’. रसायनाचा रंग नारिंगी नव्हता. ज्या पिंपांतून ते यायचे त्यांच्यावर ओळखीसाठी नारिंगी पट्टा ओढलेला असे, त्यावरून हे नाव पडले. त्यातले एक तणनाशक बनताना डायॉक्सिन हे अत्यंत विषारी द्रव्य तयार होई आणि मिश्रणात तसेच राही.

घरी परतलेल्या सैनिकांना कर्करोग, त्वचारोग होऊ लागले, कुणाच्या घरी व्यंग असलेले मूल जन्मले. त्यांनी रसायन कंपन्यांवर खटला भरला. १९८४ मध्ये १८ कोटी डॉलरवर तडजोड झाली आणि त्यातला काही पैसा अशा मुलांच्या कुटुंबांना मदत करणाऱ्या संस्थांकडे गेला. सरकार मात्र पुरावा मागत राहिले. या काळातली सर्वांत जिव्हारी लागणारी कहाणी ॲडमिरल एल्मो झुमवॉल्ट यांची आहे. नदीकाठची झाडी साफ करण्यासाठी फवारणी करवून घेणारे नौदलाचे अधिकारी तेच, आणि त्याच नद्यांवर गस्तीच्या बोटीवर त्यांचा मुलगा. तो १९८८ मध्ये कर्करोगाने गेला. नातू जन्मतःच शिकण्यातल्या गंभीर अडचणी घेऊन आला होता. फवारणीमुळे अनेक सैनिकांचे जीव वाचले, या मतावर झुमवॉल्ट ठाम राहिले. पण रसायनाची बाधा झालेल्यांना न्याय मिळावा म्हणून ते पुढे वर्षानुवर्षे झटले.

१९९१ च्या एजंट ऑरेंज कायद्याने तज्ज्ञांकडून ठरावीक काळाने पुराव्यांचा आढावा घेणे बंधनकारक झाले. १९९६ च्या आढाव्यात बापाचा तणनाशकाशी आलेला संपर्क आणि मुलातील स्पायना बायफिडा (पाठीच्या कण्याचा जन्मदोष) यांच्यात संबंध असल्याचा ‘मर्यादित’ पुरावा असल्याचे नमूद झाले. सेनेटर टॉम डॅशल यांनी विषय लावून धरला, त्याच वर्षी कायदा झाला आणि १ ऑक्टोबर १९९७ पासून लाभ सुरू झाले.

स्पायना बायफिडात गर्भावस्थेतच पाठीचा कणा नीट मिटत नाही आणि मज्जारज्जू उघडा पडतो. अनेकांचे पाय लुळे राहतात, लघवी-शौचावर ताबा राहत नाही, पुष्कळदा डोक्यात पाणी साठते आणि ते उतरवण्यासाठी आत नळी बसवावी लागते. दिवसातून अनेकदा कॅथेटर (लघवी काढण्याची नळी) घालणे हा घरातला नित्यक्रम होऊन बसतो. भत्त्याच्या तीन पायऱ्या याच गोष्टींवरून ठरतात: माणूस आधाराशिवाय चालतो का, हात किती चालतात, बुद्ध्यंक किती, लघवी-शौचावर ताबा आहे का. यांतली एकच बाब गंभीर असली तरी वरची पायरी मिळते. सुरुवातीचे दर महिना २००, ७०० आणि १,२०० डॉलर होते. महागाईनुसार ते वाढत गेले. उपचार आधी फक्त या आजाराशी निगडित तक्रारींपुरते होते, २००८ च्या कायद्याने सर्वच आजारांचा खर्च मिळू लागला. कायद्यातल्या ‘मूल’ या शब्दाला वयाची किंवा लग्नाची अट नाही. पालक व्हिएतनाममध्ये पहिल्यांदा गेल्यानंतर गर्भधारणा झालेली असावी लागते. बाहेरून न दिसणारा सौम्य प्रकार, ज्याला ऑक्युल्टा म्हणतात, तो मात्र वगळलेला आहे.

२००० च्या कायद्याने व्हिएतनाममध्ये सेवा केलेल्या स्त्रियांच्या मुलांसाठी वेगळी, लांबलचक यादी आली: दुभंगलेले ओठ आणि टाळू, जन्मजात हृदयदोष, वाकडे पाऊल, जुळलेली बोटे आणि इतर अनेक. इथे तणनाशकाशी संबंध दाखवावा लागत नाही, आईची व्हिएतनाममधली सेवा पुरते. म्हणजे टाळू दुभंगलेल्या दोन मुलींपैकी जिची आई तिथे नर्स होती तिला भत्ता, आणि जिचा बाप तिथे शिपाई होता तिला काहीच नाही. विज्ञानाच्या नोंदींतून हा फरक समजावता येईल, पण त्या दुसऱ्या घरात तो पटवून देणे कठीण आहे. पुढे स्पायना बायफिडाचा लाभ २००३ च्या कायद्याने कोरियाच्या सीमापट्ट्यात आणि २०१९ च्या कायद्याने थायलंडमधील तळांवर संपर्क आलेल्यांच्या मुलांनाही मिळाला. २०२२ च्या पॅक्ट कायद्याने स्वतः सैनिकांना बरेच दिले, मुलांच्या यादीत मात्र नवा आजार आला नाही.

२०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आढाव्यात तज्ज्ञांनी स्पायना बायफिडाचा पुरावा ‘मर्यादित’वरून ‘अपुरा’ असा खाली आणला. लाभ कायद्यातच लिहिलेले असल्याने ते चालू राहिले, आणि ते योग्यच झाले: कुठल्या सैनिकाच्या अंगावर किती फवारा पडला याची मोजदादच ठेवली गेली नव्हती, तिचा भुर्दंड मुलांनी का भरावा?

ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडनेही आपल्या सैनिकांच्या मुलांसाठी स्पायना बायफिडा, दुभंगलेले ओठ-टाळू आणि काही कर्करोगांवर मदत देऊ केली. व्हिएतनाम सरकार २००० पासून आपल्या बाधित सैनिकांना आणि त्यांच्या अपंग मुलांना भत्ता देते. अमेरिकी कायद्यात व्हिएतनामी मुलांना जागा नाही. त्यांच्या बाजूने अमेरिकी न्यायालयात कंपन्यांवर भरलेला दावा २००५ मध्ये फेटाळला गेला. अमेरिका त्या देशातल्या अपंगांसाठी पैसा देत आली, अगदी फवारणी झालेल्या प्रांतांतही, पण त्या मदतीच्या कागदावर शब्द असतात: ‘अपंगत्वाचे कारण काहीही असो’.