ओर्लोय (प्रागचे खगोलीय घड्याळ)

चेक प्रजासत्ताकाची राजधानी प्राग येथील जुन्या नगरभवनाच्या दक्षिण भिंतीवर बसवलेले यांत्रिक घड्याळ. ‘ओर्लोय’ हा शब्द लॅटिन ‘होरोलोजियम’ (कालदर्शक यंत्र) यावरून आला. चालू स्थितीतील खगोलीय घड्याळांपैकी हे बहुधा सर्वांत जुने असून त्याचा मूळ भाग १४१० मधील मानतात. तासातासाला खिडक्यांतून फिरणाऱ्या बारा प्रेषितांच्या मूर्ती सर्वपरिचित आहेत. परंतु त्या बऱ्याच नंतरच्या. यंत्राची थोरवी त्यांच्या खालच्या तबकडीत आहे.

ही तबकडी म्हणजे भिंतीवर चढवलेला, स्वतः चालणारा ॲस्ट्रोलेब (आकाशातील सूर्य-ताऱ्यांची स्थिती सपाट तबकडीवर दाखवणारे प्राचीन यंत्र). भारतीय ज्योतिषात याच यंत्राला यंत्रराज म्हणतात. मध्यभागी पृथ्वी. वरचा निळा भाग दिवसाचा, खालचा काळा वर्तुळाकार भाग रात्रीचा आणि दोहोंमधले तांबूस पट्टे संधिप्रकाशाचे. एकाच सूर्यकाट्यावरून येथे एकाहून अधिक प्रकारची वेळ वाचता येते. काट्याच्या टोकाचा सोनेरी हात रोमन अंकांवर आजची नेहमीची वेळ दाखवतो. बाहेरच्या कड्यावर १ ते २४ असे गॉथिक वळणाचे अंक आहेत; ती जुनी चेक वेळ. तिचा दिवस सूर्यास्ताला संपतो, म्हणून २४ चा अंक सूर्यास्तावर राहावा यासाठी हे कडे वर्षभर मागेपुढे सरकत असते.

तिसरी वेळ विषम होरांची. निळ्या भागातील वक्र सोनेरी रेषा सूर्योदय ते सूर्यास्त या काळाचे बारा सारखे भाग पाडतात. राशिचक्राच्या कड्यामुळे सोनेरी सूर्य काट्यावरून आतबाहेर सरकतो. उन्हाळ्यात तो बाहेरच्या कडेशी असतो. तेथे रेषा एकमेकींपासून दूर आहेत. हिवाळ्यात तो केंद्राकडे येतो आणि रेषा दाटतात. प्रागचा दिवस जूनमध्ये सोळा तासांहून मोठा, तर डिसेंबरमध्ये सुमारे आठ तासांचा. त्यामुळे तेथील एक होरा जूनमध्ये ८० मिनिटांहून थोडी अधिक आणि डिसेंबरमध्ये जेमतेम ४० मिनिटांची भरते. दिनमानाचे आठ भाग करून राहुकाळ काढणाऱ्या पंचांगवाचकाला हे ताणणारे-आकसणारे मान नवे वाटणार नाही.

आतील रचना थोडक्यात अशी : एकाच आसावर तीन मोठी दंतचक्रे असून त्यांना अनुक्रमे ३६५, ३६६ आणि ३७९ दाते आहेत. प्रत्येकाला २४ दात्यांचे लहान चाक फिरवते. पहिले राशिचक्र, दुसरे सूर्य आणि तिसरे चंद्र चालवते. सूर्याचे ३६५ फेरे होतात तेव्हा राशिचक्राचे ३६६ होतात, हे नाक्षत्र दिवसाचे (ताऱ्यांच्या संदर्भात मोजलेल्या, सौर दिवसाहून किंचित लहान दिवसाचे) गणित त्यात चोख उतरले आहे. चंद्राचे मात्र तितके नाही. या दात्यांवरून चांद्रमास सुमारे २९.१५ दिवसांचा येतो, प्रत्यक्षात तो २९.५३ दिवसांचा असतो. म्हणून चंद्राचा काटा हाताने दुरुस्त करावा लागतो.

टोले मोजणाऱ्या यंत्रणेतील लहान चाक तर विशेष अभ्यासण्याजोगे आहे. त्याच्या खाचांमधील भागांचे माप १, २, ३, ४, ३, २ असे आहे. याच क्रमाने पुढे जात राहिल्यास १, २, ३, ४ नंतर ३+२ म्हणजे पाच, १+२+३ म्हणजे सहा, ४+३ म्हणजे सात असे थेट चोविसापर्यंतचे टोले मिळतात. एका फेऱ्यात १५ टोले आणि दिवसाचे एकूण ३००. त्यामुळे वीस फेऱ्यांत चाक मूळ जागी येते. घड्याळाशी नाव जोडलेले गणिती यान शिंडेल यांच्यावरून गणितज्ञ या क्रमाला शिंडेल क्रम म्हणतात.

कर्तृत्वाबद्दल मतभेद होते. दीर्घकाळ हे घड्याळ १४९० च्या सुमाराच्या हानुश नावाच्या कारागिराचे समजले जाई. याला आधार यान ताबोर्स्की यांच्या १५७० मधील वर्णनाचा. ताबोर्स्की यांनी घड्याळाची देखभाल स्वतः केली असल्याने त्यांच्या शब्दाला वजन होते. नगरपित्यांनी हानुशचे डोळे काढले, ही कथा त्यातूनच वाढली. तिला पुरावा नाही. विसाव्या शतकात पुढे आलेल्या ९ ऑक्टोबर १४१० च्या दस्तऐवजात कादान्य येथील घड्याळजी मिकुलाश याचे नाव स्पष्ट आहे आणि आज तेच ग्राह्य धरतात. प्राग विद्यापीठातील गणिती व ज्योतिर्विद यान शिंडेल यांनी आराखडा आखला, हे खगोलशास्त्राचे इतिहासकार झ्डेन्येक होर्स्की यांचे मत सयुक्तिक वाटते. तबकडीवरचे भूमितीय प्रक्षेपण (आकाशगोल सपाट पृष्ठावर उतरवण्याची रीत) एकट्या कारागिराच्या आवाक्यातले नव्हे. हानुश (यान रूझे) याच्याकडे खालची दिनदर्शिका-तबकडी व दुरुस्त्या यांचे श्रेय राहते.

पुढे घड्याळ अनेकदा बंद पडले. १८६५–६६ च्या दुरुस्तीत योसेफ मानेस यांनी बारा महिन्यांची चित्रे रंगवली. मे १९४५ मध्ये जर्मन सत्तेविरुद्ध झालेल्या प्रागच्या उठावात लागलेल्या आगीत लाकडी मूर्ती जळाल्या. व्होय्त्येख सुखार्दा यांनी नव्या घडवल्या आणि १९४८ मध्ये घड्याळ पुन्हा चालू झाले. २०१८ च्या जीर्णोद्धारात विजेची यंत्रणा काढून एकोणिसाव्या शतकातील यांत्रिक चलन परत बसवण्यात आले.