लाळ तुमची, माहिती खानदानाची

कोथरूडच्या सोसायट्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर सध्या डीएनए चाचणीची एक सवलत फिरतेय. लाळ द्या, घराण्याचं मूळ आणि आजारांचा धोका जाणून घ्या. संमतीपत्राच्या मागच्या पानावर बारीक अक्षरात लिहिलंय, की नाव वगळून ही माहिती इतरांना देता येईल. नाव वगळलं की काळजी मिटली, असं बहुतेकांना वाटतं. ते खरं नाही.

आपली गुणसूत्रं, म्हणजे डीएनएचे लांब धागे, जोडीनं असतात, एक आईकडचं, एक वडिलांकडचं. शुक्राणू किंवा अंडपेशी तयार होताना ही जोडी जवळ येते, मोजक्या ठिकाणी तुटते आणि तुकड्यांची अदलाबदल होऊन पुन्हा सांधली जाते. एका गुणसूत्रावर असे सांधे सहसा एक ते तीनच. म्हणून पूर्वजांचा डीएनए लांबलचक, सलग पट्ट्यांनी खाली उतरतो. सख्ख्या चुलतभावंडांत सरासरी १२.५ टक्के डीएनए सामाईक असतो. खापरपणजोबा एकच असलेल्यांत तो एक टक्क्याच्याही खाली येतो, पण जो उरतो तो लाखो अक्षरांच्या सलग पट्ट्यांत, आणि इतकी लांब पट्टी योगायोगानं जुळत नाही. संगणक तीच शोधतो, त्याला नाव लागत नाही. २०१८ साली कॅलिफोर्नियातला जुना खुनी असाच सापडला. त्यानं स्वतः नमुना दिलाच नव्हता, दिला होता दूरच्या नातेवाइकांनी. खुनी सापडला हे उत्तमच. पण याच वाटेनं विमा कंपनीही तुमच्या पुतणीपर्यंत पोचू शकते, आणि तिला कुणी विचारलेलंही नसतं.

त्याच जाहिरातीत जनुकांवरून मुलाचा कल सांगण्याचाही दावा आहे. ही निव्वळ नवी पत्रिका आहे, तिच्यावर पैसे घालवू नका.

मार्च २०२५मध्ये ‘ट्वेंटीथ्री अँड मी’ ही अमेरिकी कंपनी दिवाळखोरीत गेली आणि सुमारे दीड कोटी ग्राहकांची जनुकीय माहिती मालमत्ता म्हणून विक्रीला निघाली. आपल्याकडे २०१९च्या विदासंरक्षण (डेटा प्रोटेक्शन) विधेयकात जनुकीय माहिती ‘संवेदनशील’ गटात होती. २०२३च्या कायद्यात तो गटच नाही. तो परत आणायला हवा. शिवाय कंपनी विकली जाताना नमुना आणि माहिती दोन्ही नष्ट करून घेण्याचा हक्क कायद्यात स्पष्ट लिहिलेला हवा. तोवर सही करण्याआधी निदान भावंडांना फोन करा.