श्रवण-सराव (इंग्रजी अभिवादन आणि ओळख)

इंग्रजीला नव्यानं हात घालणाऱ्याला भेटल्यावरचे, ओळख करून द्यायचे छोटे संवाद आधी भरपूर ऐकवायचे आणि मग बोलतं करायचं, अशी ही पद्धत.

उगमाबद्दल मतं वेगळी आहेत. काही जण ती दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकी सैन्याच्या भाषावर्गांपासून, म्हणजे साधारण १९४३ च्या सुमारापासून धरतात, तिथं संवाद ऐकवून ऐकवून पाठ करून घ्यायचे. पण लंडनची लिंग्वाफोन ही आवाज मुद्रित करून भाषा शिकवणारी कंपनी १९०१ ची, सुरुवातीचे धडे मेणाच्या नळकांड्यांवर, आणि १९२२ ला जपानला गेलेला इंग्रज भाषाशिक्षक हॅरल्ड पामर तर आधी कान तयार करा मग तोंड उघडा असंच सांगायचा. त्यामुळं उगम सैन्याच्या आधीचा, हे जास्त पटतं.

खरी अडचण आवाजाची आहे. मराठीत आपण जवळपास प्रत्येक अक्षराला सारखंच वजन देतो, इंग्रजीत एका शब्दावर जोर पडला की शेजारचे दबतात, 'नाइस टू मीट यू' मधला 'टू' निम्मा गिळला जातो आणि 'मीट यू' चं बऱ्याचदा 'मीचू' होतं, म्हणून वाचून पाठ असलेलं वाक्यसुद्धा कानावर पडलं की ओळखू येत नाही. 'हाउ आर यू' चंच बघा, पहिल्यांदा विचारताना जोर सहसा 'आर' वर आणि उलट विचारताना 'यू' वर. छापल्यावर दोन्ही वाक्यं सारखीच दिसतात.

आता आपल्या मराठवाड्यातल्या इंग्रजीचं बघा. मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता, उच्च शिक्षणात उर्दूचा पगडा, १९१८ चं उस्मानिया विद्यापीठही उर्दू माध्यमाचं. पुढं मराठी शाळांत इंग्रजी बरीच वर्षं पाचवीपासून होती, २००० पासून पहिलीपासून आली. बाई वर्गात आल्या की 'गूऽड मॉऽर्निंग टीऽचर' सगळा वर्ग एका सुरात म्हणतो, पण संध्याकाळी त्याच बाई रस्त्यात दिसल्या की पोरगं 'गुड नाइट' म्हणतं. त्यात पोराचा काहीच दोष नाही, गुड नाइट निघताना म्हणतात हे त्याला कोणी ऐकवलेलंच नसतं.

आपल्याकडं अनोळखी माणसाला बऱ्याचदा नावाआधी 'गाव कोणतं?' विचारतात, म्हणून 'व्हेअर आर यू फ्रॉम' वाला संवाद इथं सुरुवातीलाच घ्यावा. मोबाइलवर लावायचा, प्रश्न संपला की पॉज करायचा, आणि पोरानं उत्तर द्यायचं, 'आयम फ्रॉम परभणी'.