कुत्रा चावला, पालिकेकडे अर्ज करायचाय? आधी केसपेपर वाचून घ्या

‘आमच्या गल्लीतील सर्व कुत्रे पकडून दूर सोडावेत, ही नम्र विनंती.’ हे वाक्य दिसलं की पुढचं पान न उलटताच मला निकाल कळतो. उत्तर येतं: नियमानुसार श्वान अन्यत्र सोडता येत नाहीत, सबब अर्ज निकाली. अर्जदार चिडतो, पण यात तरी कारकुनाची चूक नसते. 2023 च्या प्राणी जन्म नियंत्रण नियमांप्रमाणे कुत्रा पकडायचा, त्याची नसबंदी आणि रेबीजचं लसीकरण करायचं, आणि पकडला त्याच भागात सोडायचा. सर्वोच्च न्यायालयाने 22 ऑगस्ट 2025 ला हीच पद्धत कायम ठेवली. रेबीज झालेला, तसा संशय असलेला किंवा हल्लेखोर कुत्रा मात्र परत सोडायचा नाही. शाळा, रुग्णालयं, क्रीडा संकुलं, बसस्थानकं आणि रेल्वे स्थानकं यांच्या आवारातल्या कुत्र्यांसाठी 7 नोव्हेंबर 2025 चा वेगळा आदेश आहे: तिथून हलवायचे आणि तिथे परत आणायचे नाहीत. तुमचा प्रश्न शाळेच्या आवारातला असेल तर तसं ठळक लिहा, नाहीतर अर्ज गल्लीच्या गठ्ठ्यात जातो.

मागणी नेमकी हवी. कोणता कुत्रा (रंग, खूण), कुठे, कधी, कितव्यांदा अंगावर आला. तो हल्लेखोर म्हणून पकडून तपासणीत ठेवावा. बाकीच्यांची नसबंदी आणि लसीकरण कोणत्या तारखेला करणार ते लेखी कळवावं. नसबंदी झालेल्या कुत्र्याच्या कानाला काप असतो. कान शाबूत असलेल्या कुत्र्यांचे फोटो काढून जोडा. पालिकेचं काम राहिलंय हे त्याहून सोप्या रीतीने सिद्ध होत नाही.

अर्ज कुणीही करू शकतो. ‘सोसायटीच्या लेटरहेडवर आणा’ असं खिडकीवर सांगतात, ते खुशाल ऐकून न ऐकल्यासारखं करा. आधार कार्डाची प्रत जोडा आणि आवक क्रमांकाची पोच घेतल्याशिवाय जागचे हलू नका. चावणारा कुत्रा कुणाचा पाळीव असेल तर मात्र ही वाट नाही. मालकाविरुद्ध पोलीस ठाण्यात भारतीय न्याय संहितेच्या कलम 291 खाली तक्रार द्यायची.

आता खरी अडचण. भरपाई मागायला येणाऱ्या जवळजवळ कुणाकडेच धड केसपेपर नसतो. म्हणजे कागद असतो, पण त्यावर फक्त ‘कुत्रा चावला’. कुणाचा, कुठे, किती वाजता? काही नाही. मग पालिका म्हणणार, पाळीव असेल, आमच्या हद्दीबाहेरचा असेल. डॉक्टरांना त्याच वेळी सांगा: ‘भटका कुत्रा, अमुक रस्ता’ असं लिहा. त्याहून वाईट अवस्था न चावलेल्यांची. कुत्रा मागे लागला, आजी पळताना पडल्या, खुब्याचं हाड मोडलं. केसपेपरवर काय? ‘चालताना पडल्या.’ कुत्र्याचा उल्लेखच नाही! महिन्याभराने कुणी तो घालून देत नाही. अशा वेळी त्याच दिवशी पोलीस ठाण्यात नोंद करा, पाहिलेल्या दोघांची नावं त्यात येऊ द्या, शेजारच्या दुकानाचं सीसीटीव्ही चित्रण पुसलं जाण्याआधी मागून घ्या.

भरपाईच्या अर्जाला वर्तमानपत्रांची कात्रणं जोडू नका. दाताच्या प्रत्येक खुणेमागे 10 हजार रुपये हा 2023 चा निकाल पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाचा. तो पंजाब, हरियाणा, चंडीगडपुरता. मुंबई उच्च न्यायालयाचा ऑक्टोबर 2025 चा भरपाईचा आदेश रस्त्यावरचे खड्डे आणि उघडी मॅनहोल यांबद्दल आहे. आपला दावा उभा राहतो तो बिलांवर, बुडालेल्या मजुरीच्या दाखल्यावर आणि पालिकेने काम केलं नाही या पुराव्यावर.

तो पुरावा माहिती अधिकारातून मिळतो. आपल्या प्रभागात गेल्या वर्षी किती कुत्र्यांची नसबंदी झाली, या रस्त्याबद्दल आधी किती तक्रारी आल्या, एवढंच विचारा. महाराष्ट्राच्या नियमाप्रमाणे एका अर्जात एकच विषय आणि साधारण 150 शब्द. इथेही लोक चार पानी कैफियत लिहून अर्ज परत घेऊन येतात. शुल्क 10 रुपये. उत्तराला 30 दिवस, न मिळालं तर पहिलं अपील आणि आणखी 30 ते 45 दिवस.

हे दिवस मोजायला सांगतोय त्याला कारण आहे. ‘दाव्याला तीन वर्षं असतात’ असं कुणीतरी सांगितलेलं असतं. महापालिकेविरुद्ध तसं धरून बसू नका. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम 487 प्रमाणे आधी लेखी नोटीस, मग एक महिना थांबणं, आणि दावा घटनेपासून सहा महिन्यांच्या आत. मुंबईत यासाठी मुंबई महानगरपालिका अधिनियमाचं कलम 527 आहे. म्हणजे नोटीस पाच महिने पूर्ण होण्याआधी पोचलीच पाहिजे, आणि माहिती अधिकाराचा अर्ज पहिल्या आठवड्यातच गेला पाहिजे. ‘साहेब म्हणाले, बघतो’ यात चार महिने गेलेले लोक माझ्यासमोर बसतात, तेव्हा त्यांना काय सांगावं ते सुचत नाही. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रिया आणि मुलांना तिथे उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो.

आणि लसीचं कार्ड खिडकीवर मूळ मागितलं तरी देऊ नका, झेरॉक्सच द्या. तिसऱ्या, सातव्या आणि पुढच्या दिवसांच्या डोसला दवाखान्यात तेच दाखवायचं असतं.