इस्तंबूलच्या छपरावर बाईक चढायच्या आधी

२०१२ साल आठवा. १५ ऑगस्टला एक था टायगर लागला, ऑक्टोबरात आर्गो आला आणि नोव्हेंबर उजाडल्या उजाडल्या स्कायफॉल. तिन्ही गुप्तहेरांचे आणि तिन्हीत इस्तंबूल. टायगर आम्ही सोलापुरात पहिल्याच आठवड्यात बघितला, स्कायफॉलला पण तीच गँग होती, आणि बॉन्ड बाजाराच्या कौलांवरनं बाईक पळवायला लागला तसा शेजारचा मित्र म्हणला, "हे गाव मागच्या पिक्चरला बघितलंय की रे." त्याचं बरोबर होतं. तेव्हापासनं माझ्या डोक्यात तो प्रश्न बसला तो बसलाच, की जगात एवढी जुनी शहरं पडलीत मग सगळे हेर इथंच का येतात. मिनार, घुमट छान दिसतात म्हणून, असं लोक सांगतात, पण मला ते पटत नाही, कारण छान दिसणारी गावं पायलीला पन्नास आहेत.

कारण आधी नकाशात बघावं लागतं. काळ्या समुद्रातनं भूमध्य समुद्राकडं जायला वाट एकच, बॉस्फरसची खाडी, साधारण ३० किलोमीटर लांब आणि सगळ्यात अरुंद जागी जेमतेम ७०० मीटर, म्हणजे पाण्यावरनं चालता आलं असतं तर दहा मिनिटांत युरोपातनं आशियात. सोव्हिएत रशियाचं काळ्या समुद्रातलं जहाज बाहेर पडायचं म्हणलं की शहराच्या मधनंच जाणार, आणि काठावरच्या कुठल्याही खिडकीत दुर्बीण घेऊन बसलेला माणूस ते मोजणार. त्यात दुसऱ्या महायुद्धात तुर्कस्तान जवळजवळ शेवटपर्यंत तटस्थ राहिला, फेब्रुवारी १९४५ मध्ये जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं तोपर्यंत लढाई संपत आलेली. मग काय, जर्मन, इंग्रज, रशियन, अमेरिकन सगळ्यांची माणसं एकाच गावात, एकाच हॉटेलात जेवायला. मार्च १९४१ मध्ये बल्गेरियातला ब्रिटिश राजदूत सोफिया सोडून रेल्वेनं इथं आला, पेरा पॅलेस हॉटेलात उतरला आणि त्याच्या सामानात कुणीतरी ठेवलेला बॉम्ब लॉबीतच फुटला, माणसं मेली. पिक्चर नाही, खरं घडलेलं.

पण माझ्या मते या शहराची खरी गोष्ट म्हणजे वोल्कोवची. कॉन्स्टांटिन वोल्कोव हा इस्तंबूलच्या सोव्हिएत वकिलातीतला अधिकारी. १९४५ च्या ऑगस्ट-सप्टेंबरात तो ब्रिटिशांकडं आला, म्हणला मला पैसे आणि आसरा द्या, तुमच्या सरकारात आमची कोण कोण माणसं बसलीत त्यांची नावं देतो, फक्त हे तारेनं कळवू नका कारण तुमच्या तारा आम्ही वाचतो. म्हणून कागद टपालाच्या थैलीतनं लंडनला गेले, दिवस गेले, आणि तिथं ते ज्याच्या टेबलावर पडले तो होता किम फिल्बी, ब्रिटिश हेरखात्यातला अधिकारी पण आतनं खुद्द रशियाचाच माणूस. फिल्बीनं मॉस्कोला कळवलं आणि स्वतः इस्तंबूलला पोचायला जमेल तेवढा उशीर केला. तोपर्यंत पट्ट्या गुंडाळलेल्या वोल्कोवला स्ट्रेचरवरनं रशियन विमानात चढवून नेलं होतं. पुढं १९४७ मध्ये ब्रिटिशांनी आपल्या हेरखात्याचा इस्तंबूलचा प्रमुख म्हणून कुणाला नेमलं तर याच फिल्बीला. हे पहिल्यांदा वाचलं त्या रात्री मला झोप नीट लागली नव्हती. त्या स्ट्रेचरवरच्या माणसाला काय वाटलं असेल हे डोक्यातनं जाईना.

इथं सोलापूरच्या माणसाला एक गोष्ट पटकन कळेल. हेराला लागतं काय, तर असं गाव जिथं परका माणूस उठून दिसत नाही. आपल्याकडं बघा, रिक्षात बसलं की पुढचा कन्नडमधे बोलतो, मागचा तेलुगूत, रिक्षावाला दखनीत आणि सुट्टे पैसे मराठीत मागतो, कुणी मान वळवून बघत नाही. आपला भुईकोट किल्ला तरी कुणाचा, बहामनींनी बांधला, मग आदिलशाही आणि निजामशाही त्याच्यावरनं भांडत राहिल्या, चांदबीबीच्या लग्नात तर तो आंदण म्हणून विजापूरला गेला. सरहद्दीवरच्या गावाचा स्वभावच वेगळा असतो, तिथं चार भाषा येणं ही हुशारी नसते, रोजची गरज असते. इस्तंबूल तसंच, फक्त फार मोठं आणि दीड हजार वर्षं राजधानी राहिलेलं.

मग कॅमेरा आला कसा. सप्टेंबर १९५५ मध्ये बॉन्डच्या कादंबऱ्या लिहिणारा इयान फ्लेमिंग पत्रकार म्हणून इंटरपोलच्या परिषदेला इस्तंबूलला गेला. युद्धात तो ब्रिटिश नौदलाच्या हेरखात्यात होता, त्यामुळं नजर तयार होती. परिषद चालू असतानाच ६ आणि ७ तारखेला ग्रीक लोकांच्या दुकानांवर, घरांवर, चर्चवर जमाव तुटून पडला, ती भयंकर दंगल त्यानं डोळ्यांनी बघितली आणि पेपरात लिहिली. त्याच मुक्कामातनं त्याला फ्रॉम रशिया विथ लव्ह सुचलं, पुस्तक आलं १९५७ ला. आणि आता योगायोग बघा, जानेवारी १९६३ मध्ये फिल्बी बैरूतमधनं गायब होऊन मॉस्कोला पळाला, आणि त्यानंतर तीन-चार महिन्यांत त्याच पुस्तकाचं शूटिंग करायला युनिट इस्तंबूलला उतरलं. खरा हेर पडद्याआड गेला आणि खोटा पडद्यावर आला, एकाच वर्षी.

या पिक्चरमधला एक सीन मी कितीदा बघितला असेन. बॉन्डचा इस्तंबूलमधला साथीदार करीम बे त्याला होडीत बसवून जमिनीखालच्या पाण्यातनं नेतो, दोन्हीकडं खांबच खांब, अंधार, वल्ह्याचा आवाज घुमतोय. ती जागा खरी आहे, येरेबातान नावाचं पाण्याचं टाकं, ३३६ खांब आहेत. पिक्चरमधे करीम सांगतो की सम्राट कॉन्स्टंटाईननं बांधलं, ते चूक, सहाव्या शतकात जस्टिनियननं बांधलं. आणि तो म्हणतो की वरती रशियन वकिलात, पेरिस्कोप लावून आपण आत बघतो, तर तेही खोटं, वकिलात आहे गोल्डन हॉर्न नावाच्या खाडीच्या पलीकडं, बेयोलू भागात. तरीपण त्या सीनमधे जे कळतं ते खरंच आहे, की या गावाच्या पोटात अजून एक गाव आहे. आता तिथं जे दोन मेड्यूसाचे, म्हणजे केसांच्या जागी साप असलेल्या ग्रीक कथेतल्या बाईचे, दगडी चेहरे सगळे फोटोत दाखवतात, एक आडवा एक उलटा, ते १९६३ ला कुणी बघितलेच नव्हते, ते गाळाखाली होते, १९८० नंतर साफसफाई केली तेव्हा वर आले. बॉन्डची होडी त्यांच्यावरनं गेली असेल काय, हा विचार मला दर वेळी येतो.

करीम बे झालेला पेद्रो आर्मेंदारिस हा मेक्सिकोचा मोठा नट. त्याला कॅन्सर झालेला, आपल्यामागं बायकोला पैसे मिळावेत म्हणून त्यानं हे काम घेतलं. चालताना लंगडतो ते दिसतं. त्याचे सीन आधी उरकून घेतले, काही लांबच्या शॉटला दिग्दर्शक टेरेन्स यंग स्वतः त्याच्या जागी उभा राहिला. जून १९६३ मध्ये तो गेला, पिक्चर ऑक्टोबरात लागला. एवढं माहीत असलं की त्याचं ते मोकळं हसणं बघवत नाही.

लोकेशन म्हणजे सगळं तिथलंच असतं असं पण नाही बरं का. त्या पिक्चरमधली बोटींची पळापळी तुर्कस्तानात जमेना म्हणून स्कॉटलंडला नेली, उंदरांचा सीन स्पेनमधे घेतला. खऱ्या शहरात जाऊन खरं काम करायचं उदाहरण त्याच्याही आधीचं, १९४८ ला व्हिएन्नात द थर्ड मॅनचं शूटिंग झालं, तेव्हा ते शहर चार देशांच्या सैन्यानं वाटून घेतलेलं आणि अर्धं ढिगाऱ्यात होतं. उलट १९६५ ला एका हेरांच्या पिक्चरमधे बर्लिनची भिंत दाखवायची होती तर ती डब्लिनमधे उभी केली.

आपल्या भाषांत हेरांची लाट त्याच काळात आली, आणि ती सोलापूरच्या तीन बाजूंनी आली म्हणलं तरी चालेल. १९६६ ला तेलुगूत कृष्णाचा गूढाचारी ११६, त्याचाच पुढच्या वर्षी हिंदीत फर्ज झाला आणि जितेंद्र स्टार झाला, १९६८ ला कन्नडमधे डॉ. राजकुमारांचा जेडरा बले. आमच्या पूर्व भागात यंत्रमागाच्या खटखटीत वाढलेल्या जुन्या माणसांपुढं गूढाचारीचं नुसतं नाव काढा, गप्पा संपत नाहीत. पण या पिक्चरांत जुनं शहर हे पात्र नव्हतं. ते आपल्याकडं दिसलं १९८२ ला उदयपुरात, ऑक्टोपसीच्या वेळी. पिचोला तलावातला महाल, डोंगरावरचा सज्जनगड, गल्लीबोळातनं रिक्षांची शर्यत, आपले कबीर बेदी आणि टेनिसवाले विजय अमृतराज. उदयपूर देखणं दिसलं यात शंका नाही, पण तिथं ते नुसतं देखणंच राहिलं. त्या तलावात कुणाचं जहाज मोजायचं नव्हतं.

आणि मला वाटतं नंतर इस्तंबूलचंही तेच झालं. २०११ च्या टिंकर टेलर या हेरांच्या पिक्चरमधे पुस्तकातलं हाँगकाँग काढून इस्तंबूल घातलं, ते मला आवडलं कारण तिथं हेर खिडकीत बसून नुसता बघतो, वाट बघतो. आर्गोत तर इस्तंबूललाच तेहरान केलं. स्कायफॉलला बाईक छपरावर गेली, पाचेकशे वर्षांच्या ग्रँड बाजारावर, आणि स्टंटच्या वेळी बाईक एका जुन्या दागिन्यांच्या दुकानात घुसल्याच्या बातम्या आल्या, लोकांनी नाराजी दाखवली, आणि ती मला योग्य वाटते. आपल्या किल्ल्याच्या तटावर कुणी बाईक घातली असती तर आपणही बोललोच असतो.

सिर्केजी स्टेशन मात्र अजून आहे, १८९० चं, लाल विटांचं, गोल रंगीत काचांच्या खिडक्यांचं. बॉन्ड ओरिएंट एक्सप्रेसमधे चढतो ते इथनंच, आणि पुढं पिक्चरमधे बेलग्रेड आणि झाग्रेब म्हणून जी स्टेशनं दिसतात ती पण हीच, पाट्या बदलून. पॅरिसची ती थेट गाडी १९७७ ला बंद झाली. २०१३ ला खाडीखालनं मार्मराय रेल्वे सुरू झाली तेव्हापासनं गर्दी जमिनीच्या खाली उतरते, वरचा जुना फलाट पुढं बरीच वर्षं शांत होता.