‘द ग्रेट एस्केप’मधली खरी झुंज वाळूशी होती

१९६३ सालचा ‘द ग्रेट एस्केप’ म्हटलं की लोकांना स्टीव्ह मॅक्वीनची बाईक आठवते, पण खऱ्या पलायनात बाईक नव्हतीच, आणि मला विचाराल तर त्या पिक्चरमधली सगळ्यात भारी गोष्ट म्हणजे बोगदा, कारण तो कैद्यांनी खरंच खणला होता.

तेव्हा जर्मनीत असलेलं, आता पोलंडमध्ये गेलेलं झागान, तिथली श्टालाग लुफ्ट ३ ही दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी पकडलेल्या, दोस्त राष्ट्रांच्या हवाई दलातल्या युद्धकैद्यांची छावणी. वर करडी माती आणि खाली पिवळीधम्मक वाळू, म्हणजे खालची वाळू थोडी जरी वर सांडली तरी पहारेकऱ्यांना लगेच दिसणार. त्यात कुंपणाजवळ जमिनीत मायक्रोफोन पुरलेले. म्हणून कैदी सरळ ९ मीटर खाली गेले. कंपनं लांब जाताना कमजोर होतातच, आणि सुट्या वाळूत तर दाण्यांच्या घर्षणात त्यांची बरीचशी ऊर्जा जिरून जाते, त्यामुळे इतक्या खोलवरची खुडबुड वर पोचणं अवघड.

पण तीच वाळू जीवावरही उठते. ओल असेल तर दाण्यांमधलं पाणी त्यांना थोडंफार धरून ठेवतं, सुकली की वाळू पाण्यासारखी ओघळते. बोगदा जेमतेम ६० सेंटीमीटर रुंद ठेवला ते बरंच झालं, कारण अरुंद पोकळीवर दाणे एकमेकांत अडकून कमान धरतात आणि वरचा बराच भार बाजूला ढकलतात. तरी वाळू ढासळायचीच, म्हणून पलंगाच्या फळ्या काढून आधार दिला.

आता हिशेब बघा, ‘हॅरी’ नावाचा बोगदा साधारण १०० मीटर लांब, म्हणजे जवळपास ३६ घनमीटर वाळू, वजन अंदाजे ५५-६० टन, आणि उकरलेली वाळू सुटी होऊन जास्त जागा खाते ते वेगळंच! पँटच्या आत पिशव्या लपवून चालता चालता ती मैदानात सांडायची आणि पायाने मातीत मिसळायची, पुढे बर्फ पडल्यावर ती छावणीतल्याच थिएटरच्या जमिनीखाली भरली.

श्वासातला कार्बन डायऑक्साईड साचू नये म्हणून किटबॅगचा भाता केला आणि दूध पावडरचे डबे जोडून हवेचा पाईप.

२४ मार्च १९४४ च्या रात्री कळलं की बोगद्याचं तोंड झाडीच्या अलीकडेच उघडलंय! मग बाहेरून रस्ता मोकळा असल्याची खूण म्हणून दोरीला झटका मिळाला की एकेकाने बाहेर पडायचं. ७६ जण बोगद्यातून निसटले, पण शेवटपर्यंत हाती न लागता तिघेच सुटले, आणि पकडलेल्यांपैकी ५० जणांना हिटलरच्या हुकमाने गोळ्या घातल्या.